गुडघा तीस टक्के, काम किती टक्के?

घाटकोपरच्या आमच्या वस्तीत कागद घेऊन आमच्याकडे येणारे पुष्कळ. रेशनकार्ड, जातीचा दाखला, शाळेचा फॉर्म. आम्ही पडलो कचेरीतले कारकून, त्यात बी.कॉम. आकडेमोड आली की लोक आमचेच दार वाजवतात. त्याचा आम्हाला थोडा अभिमानही होता. तो एका भगिनीने उतरवला.

तिचे यजमान लादी बसवणारे कारागीर, वय ३८. मुलुंडहून कामावरून परतताना त्यांना टेम्पोने धडक दिली. दोन शस्त्रक्रिया झाल्या, पण उजवा गुडघा काही वाकेना. डॉक्टरांच्या दाखल्यावर आले, कायमचे अपंगत्व ३० टक्के.

वकिलांकडे जाण्याआधी आम्ही हिशेब मांडला. महिन्याची कमाई १५,००० रुपये, वर्षाची १,८०,०००. कायम नोकरी नाही आणि वय चाळिशीच्या आत, म्हणून २०१७ च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे पुढील वाढीचे ४० टक्के. झाले २,५२,०००. २००९ च्या सरला वर्मा निकालातील तक्त्यात या वयाला गुणक १५, म्हणजे ३७,८०,०००. त्याचे ३० टक्के ११,३४,०००. पेन खिशाला लावून आम्ही म्हणालो, "वहिनी, गणित चोख आहे."

ती म्हणाली, "भाऊ, गुडघा तीस टक्के गेला असेल. पण उकिडवं बसल्याशिवाय लादी बसते का? काम तर सगळंच गेलं."

आम्हाला उत्तर सुचले नाही.

दुसऱ्या दिवशी वकिलांना विचारले. त्यांनी सर्वोच्च न्यायालयाचा ऑक्टोबर २०१० मधील राजकुमार विरुद्ध अजयकुमार हा निकाल दाखवला. शरीराचे अपंगत्व आणि कमाईचे नुकसान या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, असे त्यात सांगितले आहे. उदाहरणही दिले आहे. डावा हात तुटलेला माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल, तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडाली. तोच सरकारी कारकून असेल, तर त्याची नोकरी चालूच राहू शकते.

वाचताना आम्हाला लाज वाटली. तो कारकून म्हणजे आम्हीच! आमचा गुडघा असा झाला असता, तर आम्ही खुर्चीत बसून पगार घेतला असता. खुर्चीचे माप आम्ही लादीवाल्याला लावले होते. आता टक्का न्यायाधिकरण ठरवील. पण ६० धरला, तरी रक्कम २२,६८,००० होते. आमच्या चोख गणितात एका घराचे अकरा लाखांवर रुपये बुडत होते.

म्हणून बंधू-भगिनींनो, काही गोष्टी ध्यानात ठेवा. दाखल्यावरचा टक्का एका पायाचा की सगळ्या शरीराचा, हे डॉक्टरांना विचारा. नुसता दाखला पुरत नाही, डॉक्टरांची साक्ष व्हावी लागते. जखमी माणूस आधी काय काम करत होता आणि आता त्यातले काय करू शकत नाही, हे साक्षीत नीट सांगा. नाक्यावरच्या कामाला पगाराची चिठ्ठी नसते, तेव्हा ठेकेदाराची साक्ष आणि बँकेचे पासबुक कामी येते. औषधांची बिले, बुडालेली मजुरी, पुढील उपचार आणि सोसलेल्या वेदना यांची भरपाई वेगळी मागता येते. दावा सहा महिन्यांच्या आत लावावा, अशी तरतूद १ एप्रिल २०२२ पासून लागू आहे. तेव्हा बरे झाल्यावर बघू, असे म्हणू नका. आणि वकिलाच्या फीची धास्ती नको. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने स्त्रिया, अपंग व अनुसूचित जातीच्या व्यक्तींना मोफत वकील मिळू शकतो.

दावा आता दाखल झाला आहे. कारागीर भाऊ सध्या एका दुकानात उभ्याने माल मोजून देतात, निम्म्याहून कमी पैशात. वहिनी चार घरची कामे करतात.

आमच्याकडे अजूनही लोक कागद घेऊन येतात. आता आम्ही पेन काढण्याआधी विचारतो, "तुम्ही काम काय करता, ते आधी सांगा."