मुगोवाल: नाव मिळवले, घराखालच्या जमिनीचे काय?

शिबिरात गावाचा विषय निघाला की ४ नोव्हेंबर १९४८ चे बाबासाहेबांचे संविधान सभेतील भाषण हमखास आठवले जाते. खेड्याचे गोडवे गाणाऱ्यांना त्यांनी त्या दिवशी खडसावले होते. ते वाक्य आपल्याला पाठ असते. पण गावाने आपल्या माणसांना नेमके कशाने बांधून ठेवले, हे विचारले की आपण चाचपडतो. मला ते समजले पंजाबातल्या एका गावावरून. होशियारपूर जिल्ह्यातले मुगोवाल.

१८८६ साली या गावात चांभार कुटुंबात मंगूराम जन्मले. घरात चामड्याचा धंदा. व्यवहाराचे इंग्रजी कागद वाचायला घरचा माणूस हवा म्हणून वडिलांनी त्यांना शाळेत घातले. शाळेत मात्र वर्गाबाहेर बसून शिकावे लागले. १९०९ साली ते अमेरिकेला गेले, कॅलिफोर्नियाच्या फळबागांत राबले, गदर पार्टीत सामील झाले. १९२५ साली परतले, तेव्हा गाव होते तिथेच होते.

याचे कारण नुसत्या शिवाशिवीत नव्हते. १९०० च्या पंजाब जमीन हस्तांतरण कायद्याने शेतजमीन विकत घेण्याचा हक्क सरकारने ठरवलेल्या 'शेतकरी जातीं'पुरता राखला होता. अस्पृश्य त्या यादीत नव्हते. म्हणजे गाठीला पैसा असला तरी शेत घेता येत नव्हते. राहत्या घराखालची जमीनही बहुधा जमीनमालकांच्या ताब्यातली. त्या बदल्यात बेगार, म्हणजे वेठ. ज्याची भिंत मालकाच्या मर्जीवर उभी, तो मालकापुढे ताठ कसा उभा राहणार?

हे मला पुस्तकातून शिकावे लागले नाही. मराठवाड्यातली आमची वस्ती गायरानावर आहे. आजोबांनी बांधलेल्या घराचे वीजबिल येते, सातबाऱ्यावर मात्र आमचे नाव नाही. ज्या वर्षी अतिक्रमणाची नोटीस आली, त्याच वर्षी जयंतीच्या मिरवणुकीच्या रस्त्यावरून वाद झाला. एरवी ठणकावून बोलणारी आमची माणसे त्या बैठकीत खाली बघून बसली होती. भित्री नव्हती ती. प्रत्येकाच्या डोळ्यांपुढे आपापले घर होते.

मंगूरामांनी सुरुवात शाळेपासून केली. आपल्याच गावात आपल्या मुलांसाठी शाळा काढली आणि ११ व १२ जून १९२६ रोजी तिथेच परिषद भरवली. तिथून आद धर्म चळवळ उभी राहिली. आम्ही या भूमीचे मूळ रहिवासी, आमचा धर्म स्वतंत्र, ही तिची घोषणा. रविदास, वाल्मीकी आणि कबीर यांच्यासोबत तिने नामदेवांनाही आपले मानले. पुढे गोलमेज परिषदेच्या वेळी आमचे नेते गांधी नसून डॉ. आंबेडकर आहेत, अशा तारा याच चळवळीने लंडनला पाठवल्या.

१९३१ च्या जनगणनेत चार लाखांहून अधिक लोकांनी आपला धर्म 'आद धर्म' असा नोंदवला. त्याची किंमतही मोजली. अनेक गावांत जमीनमालकांनी बहिष्कार टाकला. शेतात पाय ठेवायचा नाही, गुरे चारायची नाहीत, शौचालाही जायचे नाही. धर्माच्या रकान्यातल्या दोन शब्दांची शिक्षा जमिनीच्या वाटेने आली, हे नीट लक्षात घ्या.

म्हणूनच आजची एक भांडणे मला पोकळ वाटतात. काही डावे मित्र म्हणतात, तुम्ही नाव, पुतळा आणि धर्मांतर यांतच अडकलात. आपल्यातले काही जण उलट म्हणतात, जमिनीचा प्रश्न डाव्यांचा. मुगोवालचा इतिहास दोघांनाही खोटे पाडतो. नाव घेतल्याशिवाय माणूस उठला नाही, आणि जमीन नसल्यामुळे उठलेल्या माणसाला कोंडता आले. आपले दादासाहेब गायकवाड काळाराम मंदिर सत्याग्रहात होते, धर्मांतरात होते आणि १९६४ च्या भूमिहीनांच्या सत्याग्रहाचेही नेते होते. त्यांना यात विसंगती दिसली नाही.

पंजाबात ती लढाई अजून चालू आहे. पंचायतीच्या सामाईक शेतजमिनीपैकी एक तृतीयांश जमीन अनुसूचित जातींना कसायला देण्याची तरतूद तिथल्या कायद्यात आहे. पण लिलावात दलिताचे नाव पुढे करून जमीन मोठा शेतकरीच कसतो, असे प्रकार गावोगाव झाले. २०१४ पासून संगरूर भागात जमीन प्राप्ती संघर्ष समितीने याविरुद्ध दलितांना संघटित केले. अनेक गावांत लोकांनी ही जमीन एकत्र घेऊन सामुदायिक शेती केली. त्यातून घरच्या जनावरांना स्वतःचा चारा मिळाला. चाऱ्यासाठी दुसऱ्याच्या बांधावर जाऊन अपमान गिळणाऱ्या बायकांना विचारा, या जमिनीचे मोल काय ते.

तेव्हा कार्यकर्त्यांना सांगणे एवढेच. जनगणनेत धर्म काय लिहायचा याचे प्रबोधन जोरात करा, ते हवेच. त्याच बैठकीत आपल्या वस्तीचा सातबारा, आठ-अ आणि गायरानाची नोंदही काढून वाचा. कुणाचे घर कुणाच्या नावावरच्या जमिनीवर उभे आहे याची यादी करा. पुढच्या वादात कोण किती ताठ उभा राहील, हे त्या यादीवर ठरणार आहे.

जय भीम!