घड्याळाची टिकटिक

माझा पुतण्या पुण्यास ध्वनिलेखनाचे शिक्षण पुरे करून गेल्या महिन्यात बदनापुरास आला, तो बोलपटांना संगीत द्यावयाचे असा निश्चय करूनच. झाले! एका चुलीवर जेवणाऱ्या आमच्या घरात मतांना तोटा नाही. पण दादांचा आक्षेप अगदीच गैरवाजवी नव्हता. "यंत्राच्या कळा फिरविणारा निराळा आणि चाल बांधणारा निराळा. तुझ्या गळ्यात गाणे नाही, बोटांत पेटी नाही. त्यापेक्षा बँकेच्या परीक्षेस बैस!"

मुलगा मुकाट्याने माडीवर निघून गेला. दादांशी वाद घालण्यात अर्थ नसतो, हे मी पन्नास वर्षे जाणून आहे. म्हणून रात्री जेवणे आटोपल्यावर मी सर्वांस 'कुंकू' दाखविला.

'प्रभात'चा हा बोलपट १९३७ सालचा. दिग्दर्शन शांतारामबापूंचे, संगीत केशवराव भोळ्यांचे. आदल्याच वर्षी 'संत तुकाराम'मधील केशवरावांच्या चाली घरोघर गेल्या होत्या. अशा माणसाच्या हाती 'कुंकू' आला आणि ठरले काय, तर पार्श्वसंगीत द्यावयाचेच नाही! गाणी आहेत, पण कथेतले कोणी गाते तेव्हाच ती ऐकू येतात. म्हाताऱ्या वकिलाच्या गळ्यात बांधलेली नीरा दुःखाने जळते, तेव्हा तिच्या साहाय्यास सारंगी धावून येत नाही. भिंतीवरचे जुने घड्याळ तेवढे टिकटिकत राहते. मला विचाराल तर आजच्या चित्रपटांत वाद्यांचा जो गदारोळ चालतो, त्याहून ही टिकटिक अधिक बोलते.

वहिनींनी मध्येच डोळ्यांस पदर लावला. दादा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "ते घड्याळ इतके मोठे कसे ऐकू येते रे?"

चिरंजीव केव्हाच जिन्यात येऊन उभे होते. "बाबा, घड्याळ मोठे झालेले नाही. बाकीचे आवाज काढून घेतले की तेच मोठे वाटते. काय काढावयाचे, हेच मी शिकलो."

"ठीक. परंतु केशवरावांजवळ गाण्याचे भांडार होते, म्हणून ते गप्प बसले तर शोभले. तुझ्याजवळ काढून टाकावयास आहे काय?"

यावर मलाही उत्तर सुचेना. मुलगा ओशाळला, पण हळूच म्हणाला, "जालन्यास जाऊन पेटी शिकेन. दोन वर्षे द्या."

इतक्यात मनमाडकडून येणारी गाडी स्टेशनात शिरली. एरवी आमच्या घरी तिच्याकडे कोणी लक्ष देत नाही. त्या रात्री मात्र मुलाने बोट वर केले, आणि आजीपासून धाकट्या बाळीपर्यंत सारे घर डब्यांचा खडखडाट दूर जाऊन विरेपर्यंत निमूट बसून राहिले. दादासुद्धा.

परीक्षेचा कोरा अर्ज अजून देवघराच्या फळीवर आहे. मुदत सोमवारी संपते. दादांनी अद्याप त्याचे नाव काढलेले नाही. मात्र काल सायंकाळी, चांगल्या पेटीस हल्ली काय पडते, असे त्यांनी मला सहज म्हणून विचारले.