मावशीच्या ओसरीवर ख्रिस्तपुराण

मनमाडला गाडीने दक्षिणेची वाट धरली की माझ्या मनात मराठवाडा सुरू होतो. जालना गेले, परतूर गेले. समर्थांचे जांब इथून फार दूर नाही, ही आठवण नेमकी परतूरलाच होते. मग दोन्ही हातांना काळेभोर रान, त्यात पांढरी फुटू लागलेली कपाशी, आणि थोड्याच वेळात सेलू. हा लोहमार्ग १९०० साली, निजामाच्या राज्यात सुरू झाला. परभणी जिल्ह्यातले हे तालुक्याचे गाव. स्टेशन लहान, उतरणारी माणसे ओळखीची. तुम्हांला कुणी ओळखले नाही, तर ‘कोणाकडे?’ म्हणून विचारणारच.

मी माझ्या मावशीकडे निघालो होतो. आईचे अखेरचे दिवस तिच्याचकडे गेले. आईचा ‘दासबोध’ तिथे फडताळात राहिला होता. ‘येऊन घेऊन जा’ असा निरोप तीन वर्षे येत होता आणि मी तीन वर्षे टाळीत होतो. कॉलेजात मी संतवाङ्मय शिकवतो. पण आई गेल्यापासून घरात पोथी उघडली गेलेली नाही. शिकवणे निराळे, वाचणे निराळे. ही गोष्ट मी विद्यार्थ्यांना कधी सांगितली नाही.

संध्याकाळी आम्ही बाबासाहेब महाराजांच्या मंदिरात जाऊन आलो. शिर्डीच्या साईबाबांचे गुरू म्हणून जे ‘वेंकुशा’ सांगतात, ते सेलूचे गोपाळराव देशमुख, असे दासगणूंनी लिहून ठेवले आहे. हे देशमुख व्यंकटेशाचे भक्त. इतिहासकार काय म्हणायचे ते म्हणोत. पण एका फकिराच्या पोराला तिरुपतीच्या बालाजीच्या भक्ताने पोटाशी धरले, ही कथा या गावाने मोठ्या मायेने सांभाळली आहे. तिच्यात कुणाला काही विचित्र वाटत नाही.

परत आल्यावर मी ओसरीवर पुस्तक उघडून बसलो. पुढच्या आठवड्यात वर्गात शिकवायचे होते. मावशी निरांजन लावून आली आणि म्हणाली, “काय वाचू लालास रे? कोणती पोथी?”

“ख्रिस्तपुराण,” मी जरा चाचरतच म्हणालो.

मावशीचे वय अठ्ठ्याहत्तर. माळ, एकादशी, सगळे कडक. पण तिने पदर सावरला आणि समोर बसली. “वाच बरं, मोठ्यानं.”

मी येशूच्या जन्माचा प्रसंग काढला. दोन ओव्या झाल्या असतील-नसतील, तोच तिची मान डोलू लागली. ओवी तिच्या रक्तातली; तीस कुणी लिहिले याची पर्वा नसते. मध्येच ‘वैकुंठ’ आले तशी तिने हात जोडले. आणि बाळाला गव्हाणीत निजवल्याचे ऐकून म्हणाली, “गोठ्यात जन्मला होय! आपला तर तुरुंगात. देवाला चांगली जागा मिळतच नाही कधी.”

मग तिने विचारले, “कोणाचं हे? एकनाथांच्या वेळचं वाटतं.”

तिचा अंदाज फारसा चुकला नव्हता. हे लिहिले एका इंग्रजाने. थॉमस स्टीफन्स त्याचे नाव. इंग्लंडच्या विल्टशायर परगण्यातला, जन्म १५४९च्या सुमाराचा. १५७९च्या ऑक्टोबरात तो जेझुइट धर्मोपदेशक म्हणून गोव्यात उतरला, तेव्हा पैठणला नाथ हयात होते. चाळीस वर्षे तो गोव्यात राहिला आणि १६१९ साली तिथेच वारला. त्याने मराठी अशी आत्मसात केली, की तिच्या थोरवीसाठी त्याला रत्नाची, कस्तुरीची, मोगऱ्याची उपमाही थोडी वाटली. जवळजवळ अकरा हजार ओव्यांचे त्याचे पुराण १६१६ साली रायतूरच्या छापखान्यात छापले गेले, तेही रोमन लिपीत. त्या वेळी आमच्या जांबेचा नारायण, म्हणजे पुढचे रामदास, आठ वर्षांचा होता.

“पण इंग्रज इतक्या दूर आला कशाला?” मावशीने विचारले.

इथे मला थोडे इंग्लंडात शिरावे लागले. राणी एलिझाबेथच्या राज्यात जुन्या, रोमच्या पंथाचा कॅथलिक धर्म पाळणे हा गुन्हा ठरला होता. ज्या मित्राबरोबर स्टीफन्स रोमला जाणार होता, तो थॉमस पाउंड पकडला गेला आणि सुमारे तीस वर्षे कैदेत राहिला. स्टीफन्सच्याच संघातला कवी रॉबर्ट साउथवेल लपूनछपून धर्मकार्य करी. त्याने याच बाळाच्या जन्मावर सुंदर कविता लिहिल्या. १५९५ साली त्याला लंडनमध्ये फासावर चढवले. पुढे १६२९ साली दुसऱ्या पंथाच्या, एकवीस वर्षांच्या मिल्टनने त्याच जन्मावर स्तोत्र रचले. मिल्टनचा जन्म १६०८चा, समर्थांचाही १६०८चा. एकच गोठा, एकच बाळ. त्याच्याविषयी इंग्लंडात एका पंथाचा कवी उघडपणे गातो, दुसऱ्या पंथाचा फासावर जातो, आणि तिसरा माणूस इकडे कोकणपट्टीत मराठी ओवी घोळवीत बसतो.

“म्हणजे तिकडे त्यांची पोथी बंद केली, म्हणून इकडे आला,” मावशी म्हणाली. तिने क्षणभर विचार केला. “आणि इकडच्यांच्या पोथ्या?”

वर्गात हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. मी खरे ते सांगितले. गोव्यात पोर्तुगिजांची सत्ता. १५६० पासून तिथे इन्क्विझिशन, म्हणजे धर्मन्यायासन बसले होते. ज्या साष्टीत स्टीफन्सने आयुष्य वेचले, तिथली देवळे १५६७ साली, तो येण्यापूर्वीच, पाडली गेली होती. बाटलेल्या लोकांना जुनी पुराणे वाचायची बंदी होती. स्टीफन्सच्या ग्रंथाच्या आरंभीच एक बाटलेला ब्राह्मण येतो आणि म्हणतो, आमची पुराणे तुम्ही थांबवलीत, तर त्यांच्या जागी आम्हांला दुसरे काही द्या. ‘ख्रिस्तपुराण’ हे त्या मागणीला दिलेले उत्तर. ज्याच्या मायदेशी त्याची भक्ती दडपली गेली, तोच दुसऱ्यांची भक्ती दडपणाऱ्या सत्तेच्या छायेत बसून लिहीत होता. त्याची भक्ती खोटी नव्हती. पण ही दुसरी गोष्टही खोटी नाही. पुढे १६८४ साली लोकभाषेवरच हुकूम निघाला: तीन वर्षांत पोर्तुगीज बोलायला शिका. आणि गंमत पाहा, ‘ख्रिस्तपुराणा’च्या १६१६, १६४९ आणि १६५४च्या छापील आवृत्त्यांची एकही प्रत आज ठाऊक नाही. ते जगले भाविकांनी हाताने उतरून काढलेल्या नकलांत. त्यांच्याच आधारे १९०७ साली मंगळूरला ते पुन्हा छापले गेले. माझ्या हातातली बंडेलूंची देवनागरी प्रत १९५६ची.

मावशी बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “आमचे आप्पा निजामाच्या शाळेत उर्दूत शिकले. गणित उर्दू, भूगोल उर्दू. मराठी अक्षर त्यांनी पोथीवर गिरवलं. आजी वाचायची, ते बोट ठेवायचे. तोच दासबोध तुझ्या आईला दिला.”

हे मला ठाऊक नव्हते. पोथी म्हणजे आईची एक वस्तू, एवढेच मी धरून चाललो होतो. आजोबांची ती शाळा होती, हे कळायला मला सेलूला यावे लागले.

सकाळी मावशीने तांबड्या फडक्यात बांधलेला ग्रंथ माझ्या हाती दिला. पानांच्या कडा बोटांनी काळवंडलेल्या होत्या. निघताना म्हणाली, “तुझं ते पुस्तक राहू दे इथं. बाळाचं पुढं काय झालं ते बघते.”

“मावशी, शेवट फार वाईट आहे,” मी म्हणालो.

“असू दे. कृष्णाला तरी काय, बाणच लागला.”

वर्गासाठी मी ग्रंथालयातून दुसरी प्रत काढली. माझी सेलूलाच आहे. आणि गाडी परतूर ओलांडत होती तेव्हा मी मांडीवरचे फडके सोडले आणि मनातल्या मनात नव्हे, मोठ्याने वाचायला लागलो. समोरच्या बाकावरचे एक शेतकरी गृहस्थ ऐकत होते, मी थांबलो तशी ते म्हणाले, “थांबू नका, मास्तर.”