‘अँदिजेन’ : मीठ, इमान आणि निष्ठा

‘खाल्ल्या मिठाला जागणे’ या वाक्प्रचारात इमानाची एक पुरती मीमांसा दडलेली आहे. तिच्यात देणारा आहे, घेणारा आहे आणि त्या दोघांमधला अलिखित करारही आहे. मीठ देणारा बदलला की इमानाचा पत्ता बदलतो. त्यात द्रोह नसतो. आधुनिक राष्ट्र-राज्य सैनिकाकडून मागते ती निष्ठा निराळी. ती अविभाज्य असावी लागते आणि तिच्या मोबदल्याची विचारणा करणे हेच तिथे अनुचित ठरते. वसाहतीतला सैनिक या दोन व्यवस्थांच्या सांध्यावर उभा असतो. त्याच्याकडून निष्ठा घेतली जाते ती राष्ट्राच्या मापाने. मोबदला मात्र मिठाच्या मापानेही पुरा पडत नाही. रशीद बुशारेब यांचा ‘अँदिजेन’ (२००६) हा चित्रपट या तफावतीचा आहे.

शीर्षकाचा शब्दार्थ ‘एतद्देशीय’. परंतु फ्रेंच वसाहतींच्या कायद्यात ही एक दर्जावाचक संज्ञा होती : नागरिक नव्हे, प्रजा. अव्वल इंग्रजीतल्या ‘नेटिव’ या शब्दात जो डंख होता तोच इथे आहे. इंग्रजी प्रेक्षकांपुढे हा चित्रपट ‘डेज ऑफ ग्लोरी’ या नावाने गेला. म्हणजे डंख काढून त्या जागी गौरवाची झूल चढवली गेली. देशीयतेची चर्चा दीर्घकाळ करत आलेल्या मराठी समीक्षेने हे ध्यानात घ्यावे, की ‘देशी’ हे विशेषण नेहमी देशी माणसानेच स्वतःला लावलेले नसते.

१९४३ साली उत्तर आफ्रिकेतून फ्रान्सच्या मुक्तीसाठी भरती झालेले चार सैनिक इटली, प्रोव्हान्स, व्होज अशी वाट तुडवत आल्सासमधल्या एका खेड्यापर्यंत येतात. कथानक एवढेच. त्यातला सर्वांत अर्थवाही प्रसंग रणांगणावरचा नाही, जहाजावरच्या जेवणाच्या रांगेतला आहे. फ्रेंच सैनिकांना टोमॅटो मिळतात, अरबांना आणि कृष्णवर्णीयांना नाकारले जातात. कॉर्पोरल अब्देलकादिर टोमॅटो बुटाखाली चिरडतो : सर्वांना, नाहीतर कुणालाच नाही. इथे मिठाचा करार उघड्यावर येतो. अब्देलकादिर मात्र तो करार मागतच नाही. तो प्रजासत्ताकाने शिकवलेल्या समतेचा शब्द मागतो. त्याचा विद्रोह हीच त्याची राजनिष्ठा आहे आणि म्हणूनच त्याला वापरून घेणे सोपे जाते.

निष्ठेची दुभंगलेली अवस्था खऱ्या अर्थाने दिसते ती सार्जंट मार्तिनेझमध्ये. तो वसाहतीत जन्मलेला ‘युरोपीय’, अरब शिपायांवर गुरगुरणारा. पण त्याच्याजवळ एक छायाचित्र आहे, त्याच्या आईचे, आणि ती अरब आहे. त्याच्या सेवेत असलेला निरक्षर सईद हे ओळखतो आणि आपुलकीने बोलून दाखवतो, तेव्हा मार्तिनेझ पिसाळतो. सईदच्या दृष्टीने हे नात्याचे प्रमाण. मार्तिनेझच्या दृष्टीने हा त्याच्या फ्रेंचपणावरचा हल्ला. पुढे सईद मरतो तो जखमी मार्तिनेझला वाचवू पाहताना. राष्ट्रासाठी की मिठासाठी, या प्रश्नाला तिथे जागाच उरत नाही. (मसूदची मार्सेयमधल्या प्रेयसीला लिहिलेली पत्रे सेन्सॉरच्या हातात अडकून राहतात, हे उपकथानकही चांगले आहे, ते किंचित अधिक गोड झाले आहे इतकेच.)

इटलीच्या मोहिमेचा उल्लेख मराठी वाचकाला परका वाटू नये. उत्तर आफ्रिकी फौजांप्रमाणे त्याच मोहिमेत भारतीय डिव्हिजनही लढत होत्या. जुलै १९४४ मध्ये तिथे धारातीर्थी पडलेले यशवंत घाडगे आणि एप्रिल १९४५ मध्ये सेनियो नदीकाठी पराक्रम गाजवणारे नामदेव जाधव हे दोघेही मराठा पलटणींचे, दोघेही व्हिक्टोरिया क्रॉसचे मानकरी. नेमक्या त्याच वर्षांत सातारा भागात प्रतिसरकार चालू होते. एका भावाची मनिऑर्डर इटलीतून यावी आणि दुसरा भूमिगत असावा, ही शक्यता कादंबरीकाराला हाक मारणारी आहे. मराठी कादंबरीने त्या हाकेला फारशी ओ दिलेली नाही.

‘अँदिजेन’ची मर्यादाही निष्ठेचीच आहे. एका खेड्यात मूठभरांनी ठाण मांडायचे, एकेकाने पडायचे आणि अखेरीस वृद्ध झालेल्या वाचलेल्याने दफनभूमीत उभे राहायचे, हा घाट हॉलिवुडच्या युद्धपटाचा. तो पत्करल्यामुळे चित्रपट फ्रान्सपुढे अर्जदार म्हणून उभा राहतो : आम्हीही तुमच्यासाठी मेलो, नोंद घ्या. तो अर्ज मंजूरही झाला. १९५९ च्या कायद्याने गोठवलेली वसाहतींमधल्या माजी सैनिकांची निवृत्तिवेतने फ्रेंच सैनिकांच्या बरोबरीला आणण्याचा निर्णय २००६ च्या सप्टेंबरात, चित्रपट प्रदर्शित होत असतानाच, जाहीर झाला. कलाकृतीचा इतका रोकडा परिणाम क्वचित दिसतो. त्याला कमी लेखणे हा समीक्षकी अहंकार ठरेल. पण अर्जाची भाषा एकदा स्वीकारली की काही गोष्टी बोलता येत नाहीत. सेनेगलचे उस्मान सेंबेन स्वतः त्या सैन्यात होते. त्यांनी चेर्नो फाती सो यांच्यासह केलेल्या ‘काँ द त्यारॉय’मध्ये (१९८८) थकलेला पगार मागणाऱ्या आफ्रिकी सैनिकांवर फ्रेंच सैन्यानेच १ डिसेंबर १९४४ रोजी केलेला गोळीबार आहे. तिथे मीठ देणाऱ्यानेच मीठ मागणाऱ्याला मारले आहे, आणि अर्ज कुणाकडे करायचा हा प्रश्नच मिटला आहे.

बुशारेब यांना हे न बोललेले जाणवत असावे. २०१० च्या ‘ऑर-ला-ल्वा’मध्ये त्यांनी ८ मे १९४५ चे सेतिफ दाखवले : युरोपात विजयोत्सव चालू असताना अल्जीरियात स्वातंत्र्य मागणाऱ्यांवर झालेला गोळीबार. सईद, मसूद आणि अब्देलकादिर साकारणारे जामेल देबूझ, रोश्दी झेम आणि सामी बुआजिला हे तिघे त्यातही आहेत; या वेळी त्यांच्या बंदुका फ्रान्सवर रोखलेल्या. तो चित्रपट कान महोत्सवात दाखवला गेला तेव्हा रस्त्यावर निदर्शने झाली. चारच वर्षांपूर्वी, ‘अँदिजेन’मधल्या फ्रान्ससाठीच्या मरणाबद्दल, याच महोत्सवाने या तिघांना सामी नासेरी आणि बेर्नार ब्लाँकाँ यांच्यासह उत्कृष्ट अभिनयाचा सामायिक पुरस्कार दिला होता.