थोरला सिनेमाला गेला

आमचा थोरला रात्रीच्या अमरावती-मुंबई गाडीत बसला, तेव्हा अकोल्याच्या फलाटावर आम्ही त्याच्याशी धड बोललोही नाही. आयटीआय झालेला, एमआयडीसीत कामाला लागलेला पोरगा. "सिनेमात काम करतो, सिनेमे बनवतो," म्हणे. त्याच्या आईनं एवढंच विचारलं, "आपल्याले कोन घेते रे तिथं?"

वाचकहो, प्रश्न खोटा नव्हता. तंबूत मातीवर बसून आम्ही कितीतरी सिनेमे पाहिले. त्यात आपली वस्ती नव्हतीच. दिसलाच तर हात जोडून उभा असलेला गडी.

पोरानं वाद घातला नव्हता. जायच्या आधी मोबाईलवर 'फँड्री' लावून दिला होता. नागराज मंजुळे हे सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरचे, वडार समाजातले. गाव सोडून पुण्याला, नगरला शिकले. शिकता शिकताच 'पिस्तुल्या' हा लघुपट काढला, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१३ च्या 'फँड्री'त दिग्दर्शन त्यांचंच आणि चंक्या सायकलवालाही तेच. जब्या झालेला सोमनाथ अवघडे हे हलगी वाजवणारं खेड्यातलं पोर. घरची माणसं डुक्कर काठीला टांगून नेतात आणि मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेबांचं चित्र दिसतं, तिथं आम्ही दोघंही गप्प झालो.

मग २०१४ चा 'कोर्ट' दाखवला. त्यातले शाहीर नारायण कांबळे म्हणजे आपल्या नागपूरचे वीरा साथीदार, चळवळीतला माणूस. सिनेमा व्हेनिसला गाजला. एप्रिल २०२१ मध्ये कोरोनानं ते गेले.

'ख्वाडा'च्या भाऊराव कऱ्हाडेंनी सिनेमासाठी शेती विकली, हेही पोरानं मोठ्या कौतुकानं सांगितलं. आम्हाला धडकीच भरली. आमच्याकडे विकायला शेतीही नाही!

दोन वर्षांनी फोन आला, लघुपटाला चाळीस हजार पाहिजेत. घरात तेवढेच होते, तेही धाकटीच्या नर्सिंगच्या फीचे. ती अमरावतीला शिकते. आम्ही एसटीनं जाऊन तिलाच विचारलं. ती चिडली. "अगुदर माही फी भरा. दादाले उरलं तं द्या." तिचं चुकलं असं आम्हाला वाटलं नाही. फी भरली. थोरल्याला सात हजार धाडले, वर काय बोलावं ते सुचलं नाही.

तो रागावेल वाटलं. तर उसना कॅमेरा घेऊन दोन मित्रांसह तो घरीच आला. आमचीच गल्ली, आमचाच नळ आणि नटी म्हणून त्याची आई! एकच हंडा तिला अकरा वेळा भरायला लावला. शेवटी तिनं हंडा आदळला. "रोज भरतो तवा कोनी पाह्यत नाही, आज काय झालं?" पोरगा ओरडला, "हेच, हेच पाह्यजे होतं!"

जोडणीचं काम मुंबईत मित्राच्या खोलीवर रात्री चालतं. दिवसा तो एका दुकानात माल पोचवतो. नळाजवळचा हंडा पोचला आहे, पण त्याची आई तो ठोकून घेऊ देत नाही. पुन्हा लागला तर, म्हणते.