परदेशी सारण

करंजीची परीक्षा पापुद्र्यावर करावी, असे माझ्या सासूबाईंचे मत आहे. खोबरे कोणीही खवते, गूळही कोणीही घालते. पण साट्याची करंजी तळणीतून वर येताना तिचे पदर सुटले, तर ती जाणत्या हाताची समजावी. त्यांच्या करंज्यांसाठी आमच्या डोंबिवलीच्या इमारतीतल्या बायका दिवाळीच्या आधी परात-पोळपाट घेऊन आमच्याकडे येत. पुढे सासूबाईंची मनगटे दुखू लागली. मी पहाटेची लोकल गाठून ठाण्याच्या शाळेत जाणारी; डब्यात बसून मेथी निवडता येते, साटा फेसता येत नाही. फराळ विकतचा येऊ लागला. सासूबाई त्याबद्दल कधी बोलल्या नाहीत. विकतची करंजी मोडून तिच्या कडेकडे बघत, आणि बशी बाजूला सारत.

माझ्या मुलीला करंजी मुळातच नको असते. तिचे मन सध्या कोरियन मालिकांत. गेल्या वर्षी दसरा उलटल्यावर तिने दुपारच्या चहाला किमची भरलेली खुसखुशीत पुरी-पॅटिस करायचे मनात घेतले. ठाण्याच्या एका मॉलमधून गोचुजांगची, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीन-मिरचीच्या लाल चटणीची डबी आणली, कल्याणहून चायनीज कोबी आणवला. वरचे आवरण कशाचे करावे, यावर घोडे अडले.

सासूबाई जपाची माळ बाजूला ठेवून म्हणाल्या, "साट्याचं कर."

"आजी, हे कोरियाचं आहे."

"असू दे. कोरिया मला ठाऊक आहे. लहानपणी वडील पेपर मोठ्यानं वाचायचे. तिथं लढाई चालली होती नि आपले लष्करी डॉक्टर गेले होते."

ते खरेच आहे. १९५० साली आपले साठावे पॅराशूट फील्ड अँब्युलन्स पथक कोरियात गेले होते. पण त्या बातमीचा करंजीला असा उपयोग होईल, हे कोणाच्या ध्यानी आले असते?

अशा खाण्याला हल्ली फ्यूजन म्हणतात. शब्द नवा, उद्योग जुना. बटाटेवड्यातला बटाटा अमेरिकेतला, मिरचीही तिथलीच. दोन्ही समुद्रावरून आपल्याकडे आली. तीच मिरची सोळाव्या शतकाच्या अखेरीस कोरियात पोचली. त्याआधीची किमची लाल नव्हती. शिवाय कोरियन लोकांचा मांदू हा भरलेला प्रकार पुष्कळदा अर्धचंद्राकृतीच असतो, कडेला मुरड घातलेला. त्याचा फोटो बघून सासूबाई एवढेच म्हणाल्या, "मुरड जरा ढिली आहे."

कोबी आधी मिठात ठेवायचा. मीठ त्याचे पाणी ओढून घेते. मग तो धुऊन, पिळून त्याला लसूण, आले, कांद्याची पात आणि लाल तिखट चोळायचे. आम्ही ब्याडगीचे वापरले. रंग भडक, झणका बेताचा. कोरियात त्यात खारवलेली बारीक कोळंबी पडते. आमच्या शेजारच्या आगरी काकूंनी लगेच जवळा देऊ केला. सासूबाईंच्या स्वयंपाकघरात तो येणे नव्हते. थंडीत पुरलेल्या मडक्यांत तिकडची किमची आठवडेच्या आठवडे मुरते. इकडे ऑक्टोबरच्या उकाड्यात दुसऱ्या दिवशीच बरणी फसफसू लागली.

साट्याचा दिवस आला. तूप पांढरे, हलके होईपर्यंत फेसायचे, त्यात तांदळाची पिठी. मैद्याच्या पातळ पोळ्यांवर ते माखून, एकीवर एक ठेवून घट्ट वळकटी करायची आणि लाट्या कापायच्या. सासूबाईंचे बोट मुलीच्या लाटण्यामागून फिरत होते. "मधे दाबू नकोस. पदर चिकटतील." या 'दाबू नकोस'मध्ये किती दाब असावा, हे कुठल्या पुस्तकात लिहिता येईल? मी वीस वर्षे मुलांना शिकवते आहे, पण असे शिकवणे मला हातचे सोडून बघत बसावेसे वाटले.

कोबी मात्र ओला. पुन्हा पिळला, तिळाच्या तेलात कोरडा परतला, तरी पहिल्या दोन करंज्या फुटल्या आणि तेल लाल झाले. मग सारणात भाजलेले बेसन घातले गेले, तेव्हा पुढच्या नीट निघाल्या.

हिवाळ्याच्या तोंडाशी कोरियन बायका एकत्र जमून वर्षाची किमची घालतात. त्या रिवाजाला किमजांग म्हणतात, आणि २०१३ साली युनेस्कोने त्याची मानवजातीच्या वारशात नोंद केली. आमच्या इमारतीतल्या परातींची नोंद कोठेच नाही. पण तळणाचा वास जिन्यात गेला, तेव्हा वरच्या मजल्यावरच्या दोघी खाली आल्या आणि न विचारता पोळपाटाशी बसल्या.

चारच्या चहाला करंज्या झाल्या. आंबट, तिखट, वरून कुरकुरीत. सासूबाईंचा चातुर्मास, लसूण वर्ज्य. त्यांनी एक मोडली, उजेडाकडे धरली, पदर पाहिले आणि परत नातीच्या बशीत ठेवली.

बरणीत थोडा कोबी उरला होता. कार्तिकी होईपर्यंत तो भलताच आंबेल, असे मी म्हणाले. शिजवायला तसाच चांगला असतो, असे मुलीने सांगितले.

सासूबाईंनी तिला विचारले, "मग द्वादशीला करशील तेव्हा त्यात किंचित गूळ घातला तर चालेल का गं?"