पाण्याचं अंतर

१ मे १९८१ ला जालना जिल्हा झाला. नकाशात खाली गोदावरी, मधून दुधना. अंबड तालुक्यातलं आमचं गाव म्हणजे एक ठिपका. त्या ठिपक्यात गाव कुठं अन् महारवाडा कुठं, काही कळत नाही.

मानवतावादी भूगोलवाला यि-फू तुआन म्हणायचा, जागा माणसाच्या अनुभवातून बघा. १९७४ ला त्यानं ‘टोपोफिलिया’ लिहिलं, जागेवरच्या प्रेमाचं पुस्तक. मित्रांनो, प्रेम कुठल्या जागेवर करायचं? गावच्या विहिरीवर? वाड्यापासून ती शंभर पावलं. माय घागर खाली ठेवून लांब उभी राहायची. कुणी वरून ओतील तेव्हा पाणी. म्हणायची, “नदी लांब हाय बाबा, पण हिरीपरीस जवळ पडती.” हे अंतर भूगोलाच्या कुठल्या तासाला शिकवलं?

१९७९ ला तुआनचंच ‘लँडस्केप्स ऑफ फिअर’ आलं, भीतीच्या मुलखाचं. ते मात्र आपल्या ओळखीचं.

डिसेंबर २०२० ला सरकारनं वस्त्यांची जातीवरची नावं बदलायचं ठरवलं. बरं झालं. पाट्या रंगवणारे रंगवतील. तुम्ही म्हाताऱ्या आहेत तोवर त्यांना विचारून आपापल्या गावचा नकाशा काढा. कुठं थांबायचं, कुठं चप्पल हातात घ्यायची, कुठून रातीला जायचं नाही. प्रमाण पावलांचं नको, थांबण्याचं धरा.